आवाजाचा लगाम

आमचे तात्या धनगरी ओवी गातात. म्हसवडजवळच्या घरी लॅपटॉपवर त्यांची ओवी मुद्रित करायला बसलो आणि पहिल्याच रात्री फसलो. ओवीत गाणं असतं आणि मध्ये मध्ये कथा सांगणंही असतं. गाण्याची हाक उठली की मुद्रण फाटायचं. कथा सुरू झाली की पंख्याच्या घरघरीत शब्द बुडायचे. जाणकार मित्राने सांगितलं, कॉम्प्रेसर लाव. विकतचे परवडणारे नव्हते, म्हणून फुकटचे शोधू लागलो. त्या शोधात या यंत्राची वंशावळच हाती लागली.

१९०२ साली फ्रेड गैसबर्ग कोलकात्यात गौहर जानचं गाणं मुद्रित करत होता, तेव्हा मायक्रोफोन नव्हता, कर्णा होता. त्या काळात चढ्या स्वराला गायकाने कर्ण्यापासून मागे सरायचं आणि हळू स्वराला पुढे यायचं. म्हणजे आवाजाचा लगाम गायकाच्या पायांत होता. मायक्रोफोन आल्यावर तो तंत्रज्ञाच्या बोटांत गेला. नभोवाणीचं प्रक्षेपण मोठ्या आवाजाने बिघडू नये म्हणून त्याने सतत बटण फिरवत बसायचं. हे काम १९३०च्या दशकात यंत्राकडे आलं. पुढे १९६०च्या दशकात अमेरिकेतल्या टेलेट्रॉनिक्सचा एलए-२ए आला. त्यात आवाज वाढला की आतला दिवा उजळतो, प्रकाश ओळखणारा घटक तो पाहतो आणि आवाज खाली ओढतो. दिवा पाहून आवाज दाबायची ही युक्ती मला अजून गमतीची वाटते.

१९९६ साली स्टाइनबर्गने व्हीएसटी ही पद्धत आणली आणि असली यंत्रं संगणकात प्लगइन म्हणून बसू लागली. फुकटात मला मिळालेल्यांपैकी चार सांगतो. एलए-२एच्या धर्तीवरचा अॅनालॉग ऑब्सेशनचा लाला, क्लांगहेल्मचा मोजक्या बटणांचा डीसी१ए, टोकियो डॉनचा कोटेल्निकोव्ह आणि विंडोजसाठी रीपरवाल्यांचा रीआकॉम्प. नवख्याने रीआकॉम्पपासून सुरुवात करावी असं माझं मत. दिसायला रूक्ष आहे, पण काय चाललंय ते लपवत नाही.

मी चारास एक हे प्रमाण ठेवलं. ठरवलेल्या पातळीच्या आठ डेसिबल वर गेलेली हाक आता दोनच डेसिबल वर जात होती. मग एकूण आवाज वाढवला. कथेचा शब्दन् शब्द कळू लागला. घरघरही वाढली, ते वेगळं. मी खूश. तात्यांनी ऐकलं आणि म्हणाले, "ही हाक माळाच्या पल्याड जायची न्हाई. हितंच बसून बोलल्यागत वाटतंय."

बोलणं खरं होतं. १९५५ साली पुणे आकाशवाणीवर गीतरामायण सुरू झालं, तेव्हा याच माणदेशातल्या माडगूळकरांचे शब्द मायक्रोफोनसमोर गायले गेले. ती गाणी नभोवाणीसाठीच होती. ओवी मात्र ढोल आणि कैताळासकट उघड्यावर वाढलेली. ग्युंथर सोन्थायमर यांनी ध्वनिमुद्रित केलेल्या ओव्यांतल्या बिरोबाच्या आणि धुळोबाच्या कथा अॅन फेल्डहाउस यांनी २०१४ साली इंग्रजीत आणल्या. कथा वाचायला मिळाली, हे थोरच काम. पण हाक किती उंच आणि कुजबूज किती खोल, ते कागदावर उतरत नाही. त्यासाठी ध्वनिफीतच लागते. आणि मी तेवढंच पुसून टाकत होतो.

नंतर प्रमाण दोनास एक केलं. दाब थोडा उशिरा सुरू होईल असं ठेवलं, त्यामुळे ढोलाची पहिली थाप शाबूत राहिली. पंखा बंद केला. मायक्रोफोन दोन हात लांब नेला. हाकेच्या वेळी तात्या आपणहून मान वळवू लागले, कर्ण्यासमोरच्या गायकासारखेच. त्यांना हे कुणी शिकवलं नव्हतं.

आता प्रत्येक ओवीच्या दोन प्रती ठेवतो. एक दाबलेली, मोबाइलवर ऐकायला. दुसरी जशीच्या तशी, फाटलेल्या दोन जागांसकट. तात्या दुसरीच लावायला सांगतात.