नवरीची चप्पल शेवटी नको, आधी घ्या! लग्नात पाय दुखू नयेत म्हणून हे लक्षात ठेवा

काशीगाव (मीरा-भाईंदर) : तुळशीचं लग्न झालं की लग्नसराईची धावपळ सुरू होते. शालू, दागिने, हॉल, मेकअप सगळं महिना-दोन महिने आधी ठरतं. नवरीची चप्पल मात्र दोन दिवसांवर लग्न आलं की घाईत घेतली जाते. मग ती चावते, टाचेला फोड येतो आणि रिसेप्शनला नवरी फोटोत हसत असली तरी पाय चपलेबाहेर काढून उभी राहते. थोडी आधी तयारी केली तर हा त्रास टळतो.

चप्पल नेमकी कधी लागते?

अंतरपाट, मंगलाष्टका, सप्तपदी या विधींना नवरी अनवाणीच असते. हळदही पाटावर बसून लागते. चपलेची खरी गरज तीन वेळा पडते : हळदीच्या रात्री नाचताना, वरातीत आणि रिसेप्शनला. काशीगाव आणि आसपासच्या आगरी-कोळी घरांत हळदीची रात्र मोठी असते, नाच उशिरापर्यंत चालतो. दुसऱ्या दिवशी त्याच दमलेल्या पायांवर स्टेजवर दोन-तीन तास उभं राहावं लागतं. त्यामुळे एकच महागडा जोड घेण्यापेक्षा दोन साधे जोड बरे. नाचायला सपाट, पट्ट्याची चप्पल किंवा सँडल आणि रिसेप्शनला थोडी उंच.

दुकानात काय पाहाल?

• वेळ : दिवसभर चालून-उभं राहून संध्याकाळी पाय थोडे सुजतात. म्हणून खरेदीला सकाळी नको, संध्याकाळी जा.
• माप : दोन्ही पायांत चप्पल घालून दुकानातच चालून बघा. एक पाय बहुधा किंचित मोठा असतो, माप त्याचं घ्या. ‘वापरून सैल होईल’ यावर जाऊ नका.
• टाच : उंच टाचेत बराचसा भार पायाच्या पुढच्या भागावर येतो. उंची हवीच असेल तर रुंद टाच (ब्लॉक हील) किंवा सलग उंच तळ (वेज) घ्या. अंगणातल्या मांडवात किंवा लॉनवर पेन्सिल हील मातीत रुतते आणि पाय मुरगळतो.
• जोडवी : दुकानात जाताना नवरीच्या पायात जोडवी नसतात, लग्नात ती चढतात. पुढून बंद, टोकदार मोजडीत मग बोटं दाबली जातात. बोटांना जागा ठेवा.
• आतली बाजू : मणी-टिकल्यांच्या चपलेत आत हात फिरवून बघा. दोरा, तार किंवा खिळा टोचत असेल तर ती घेऊ नका. पैंजण अडकेल अशी नक्षीही टाळा.

नऊवारीवर कोल्हापुरी

नऊवारीत पाऊल उठून दिसतं, त्यामुळे कोल्हापुरी शोभते. तळ सपाट असल्याने तोलही जात नाही. कोल्हापुरी चपलेला भौगोलिक मानांकन (जीआय) आहे. त्यात महाराष्ट्रातील कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर आणि कर्नाटकातील बेळगाव, धारवाड, बागलकोट, विजापूर हे जिल्हे येतात. अस्सल कोल्हापुरी कातड्याची असते, त्यामुळे नवी असताना कडक लागते. अंगठ्याची कडी जोडव्याला घासते का, तेही घालून पाहा. पाण्यात भिजली तर ती खराब होते.

पंधरा दिवस आधीपासून

नवी चप्पल रोज अर्धा तास घरात घालून फिरा. कातडी पट्ट्यांना आतून थोडं खोबरेल किंवा एरंडेल तेल लावलं की ते मऊ होतात. तेल मुरू द्या, नाहीतर शालूला डाग पडेल. साडीचा फॉल किंवा घागऱ्याची उंची ठरवताना तीच चप्पल पायात हवी. नंतर टाच बदलली तर कापड पायात येतं. तळ गुळगुळीत असेल तर हॉलच्या फरशीवर चालून बघा. घसरत असेल तर चांभाराकडून रबरी तळ लावून घ्या.

फोड आलाच तर

फोड फोडू नका. जागा साबणाने धुऊन, कोरडी करून वर पट्टी लावा आणि चप्पल बदला. नवरीला मधुमेह असेल तर साधा फोडही अंगावर काढू नये, डॉक्टरांना दाखवावा.

एक पिशवी तयार ठेवा

त्यात रोजच्या वापरातली सपाट चप्पल, चिकटपट्ट्या, कापूस आणि एक सेफ्टी पिन टाका. नवरदेवाचे बूट पळवायला मेहुण्या टपलेल्या असतातच. त्यातल्याच एकीकडे ही पिशवी द्या, म्हणजे ऐन वेळी नवरीला कुणाला शोधावं लागणार नाही.