क्षत्रपांची नाणी आणि फायलींची नावे

उज्जैनहून राज्य करणाऱ्या पश्चिमी क्षत्रपांच्या चांदीच्या नाण्यांवर मुख्यतः दोन लिप्या आहेत. राजाच्या मुखाभोवती ग्रीक अक्षरे आणि मागच्या बाजूला, तीन कमानींच्या टेकडीभोवती, ब्राह्मी लेख. दुसऱ्या शतकातल्या चष्टनाच्या नाण्यांवर ग्रीक अक्षरांतले नाव वाचता येते. पुढच्या पिढ्यांत मात्र त्या अक्षरांची नुसती नक्षी झाली. कोरणाऱ्यांना ती लिपी येत नव्हती, त्यामुळे मूळ अक्षरे कायमची गेली. ब्राह्मीचे तसे झाले नाही. तीही लोक विसरले, पण नाण्यांवर ती जशीच्या तशी होती. १८३७-३८च्या सुमारास जेम्स प्रिन्सेपने ती उलगडली आणि राजासोबत बापाचेही नाव असल्याने वंशावळ जुळवता आली. वाचता न येणे आणि नष्ट होणे या दोन गोष्टी वेगळ्या आहेत, हे या नाण्यांवरून कळते.

संगणकावरच्या गिचमिड फाइलनावांनाही हाच निकष लावावा. १९९२ साली तयार झालेल्या यूटीएफ-८ पद्धतीत देवनागरीचे प्रत्येक चिन्ह तीन बाइटचे असते. ‘उज्जैन’ या नावात सहा चिन्हे, म्हणजे अठरा बाइट. तेच बाइट जुन्या युरोपीय तक्त्याने वाचले की भलतीच अक्षरे उमटतात. अशा वेळी फाइलनावे दाखवणाऱ्या ‘एलएस’ या आज्ञेने काढलेली यादी ‘ओडी -बी’ या आज्ञेकडे द्यावी. ती प्रत्येक बाइटचा अष्टमान अंक दाखवते. ३४० आणि पाठोपाठ २४४ किंवा २४५ पुन्हा पुन्हा दिसले, तर नाव शाबूत आहे, फक्त दाखवण्यात चूक आहे. ३०३ २४० ३०२ २४४ असा क्रम दिसला, तर चुकीचे वाचन पुन्हा साठवले गेले आहे. ‘आयकॉन्व्ह’ या रूपांतराच्या आज्ञेने ते बहुधा उलटवता येते. ओळीने ०७७ आले, तर तिथे खरोखरच प्रश्नचिन्हे साठली आहेत आणि मूळ अक्षरे गेली आहेत. पडद्यावरच्या प्रश्नचिन्हांवरून मात्र हा निष्कर्ष काढू नये. न दाखवता येणाऱ्या बाइटच्या जागीही ‘एलएस’च्या काही आवृत्त्या तेच चिन्ह छापतात.

एवढा खटाटोप कशाला, फाइल उघडून नवे नाव द्यावे, असे कोणी म्हणेल. पत्रासाठी ते चालेल. पण पोथीच्या पानाच्या छायाचित्राचा दाखल क्रमांक आणि पानांचा क्रम अनेकदा फक्त नावातच असतो. चित्र पाहून तो कळेलच असे नाही. हा सारा अंदाजच, हा आक्षेपही टिकत नाही. सुधारलेल्या नावावर तीच चूक मुद्दाम पुन्हा केली आणि मूळचेच बाइट मिळाले, तर वाचनाला भक्कम आधार मिळतो. तोवर जुन्या नावांची यादी जपावी आणि अनोळखी चिन्हे सरसकट पुसणारे प्रोग्राम दूर ठेवावेत.