विजया मुळे आणि भारतीय शैक्षणिक चित्रपट : एक ऐतिहासिक दृष्टिक्षेप

प्रस्तावना :
भारतीय चित्रपटाच्या इतिहासलेखनात कथापटाला जेवढे स्थान मिळाले, तेवढे माहितीपट व शैक्षणिक चित्रपट यांना मिळालेले नाही. वस्तुतः दादासाहेब फाळके यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) पूर्वीच वाटाण्याच्या रोपाची वाढ दाखविणारा लघुपट तयार केला होता. ज्ञान देणाऱ्या चित्रपटाची ही परंपरा स्वातंत्र्योत्तर काळात पुढे नेणाऱ्यांमध्ये विजया मुळे (१९२१-२०१९) यांचे नाव अग्रक्रमाने घ्यावे लागते. प्रस्तुत लेखात त्यांच्या कार्याचे स्वरूप स्पष्ट करण्याचा प्रयत्न केला आहे.

जडणघडण :
विजया मुळे यांचा जन्म मुंबईत झाला. विवाहानंतर त्या पाटण्यास गेल्या. १९४६ मध्ये शिक्षणशास्त्राच्या अभ्यासासाठी शिष्यवृत्तीवर त्या इंग्लंडमधील लीड्स विद्यापीठात दाखल झाल्या. तेथे त्यांचा फिल्म सोसायटी चळवळीशी परिचय झाला. स्वदेशी परतल्यावर त्यांनी पाटण्यात या चळवळीचे काम केले आणि १९५४ पासून दिल्लीत शिक्षण मंत्रालयात सेवा केली. १९५९ मध्ये देशातील फिल्म सोसायट्यांचा महासंघ स्थापन झाला. सत्यजित राय त्याचे अध्यक्ष, तर मुळे संयुक्त सचिव होत्या. अध्यापनाची दृष्टी आणि उत्तम चित्रपटांचा व्यासंग हे दोन प्रवाह त्यांच्या ठायी एकत्र आले.

‘एक अनेक और एकता’ :
१९७४ मधील या अॅनिमेशनपटाची कल्पना व दिग्दर्शन मुळे यांचे, अॅनिमेशन भीमसेन यांचे आणि संगीत वसंत देसाई यांचे होते. लहान भावाच्या प्रश्नाला बहीण गोष्टीतून उत्तर देते. पारध्याच्या जाळ्यात सापडलेले पक्षी एकजुटीने जाळ्यासह उडतात व उंदीर ते जाळे कुरतडतात. ही कथा पंचतंत्राच्या द्वारे भारतीय मुलांच्या परिचयाची होती. एकता हा विषय शासनाचा आवडता असला, तरी येथे ती आज्ञा म्हणून न येता मुलाच्या कुतूहलातून उलगडते. या चित्रपटास राष्ट्रीय पुरस्कार लाभला आणि दूरदर्शनमुळे तो घरोघरी पोहोचला.

उपग्रह दूरदर्शन प्रयोग :
१ ऑगस्ट १९७५ ते ३१ जुलै १९७६ या काळात ‘साइट’ प्रयोगाद्वारे सहा राज्यांतील सुमारे २४०० खेड्यांत उपग्रहाद्वारे कार्यक्रम पोहोचविण्यात आले. सकाळची वेळ शाळकरी मुलांसाठी राखीव होती. शैक्षणिक तंत्रविज्ञान केंद्राच्या प्रमुख या नात्याने मुळे यांनी या मुलांसाठी कार्यक्रमनिर्मितीची धुरा सांभाळली. हा संपूर्ण काळ आणीबाणीचा होता, हे विसरून चालणार नाही. ज्या माध्यमाचा उपयोग शासन प्रचारासाठी करीत होते, त्याच माध्यमातून खेड्यातील मुलाला विचार करण्यास प्रवृत्त करणे, हे कठीण काम होते.

समारोप :
२००२ मध्ये मुळे यांना व्ही. शांताराम जीवनगौरव पुरस्कार मिळाला. परदेशी चित्रपटांतील भारताच्या प्रतिमांविषयीचा त्यांचा ग्रंथ २०१० मध्ये, वयाच्या नव्वदीच्या उंबरठ्यावर, प्रकाशित झाला. तथापि ज्या पिढीला त्यांचा चित्रपट मुखोद्गत आहे, त्या पिढीतील अनेकांना त्यांचे नाव ठाऊक नाही. शैक्षणिक चित्रपट हा संस्थेच्या नावाने ओळखला जातो व कर्ता मागे राहतो. पाठ्यपुस्तकांचा इतिहास ज्या आस्थेने लिहिला जातो, त्याच आस्थेने या चित्रपटांचा आणि त्यांच्या कर्त्यांचा इतिहास लिहिला जाणे आवश्यक आहे. अन्यथा मुलांनी पडद्यावरून काय आणि कोणाकडून शिकले, हा आपल्या शैक्षणिक इतिहासातील महत्त्वाचा प्रश्न अनुत्तरितच राहील.