दामलेमामा आणि फ्रेमची कड

विष्णुपंत दामले म्हटलं की लोकांना ‘संत तुकाराम’चे दिग्दर्शक आठवतात. मी साउंडवाला. राहायला बोईसरला, कामाला बहुतेक नायगावला, मालिकांच्या सेटवर. मला दामलेमामा आधी आठवतात ते ध्वनिमुद्रक म्हणून.

१८९२ साली पेणला जन्मलेला हा माणूस कोल्हापुरात आनंदराव आणि बाबूराव पेंटरांच्या हाताखाली नाटकांचे पडदे रंगवायला लागला. आनंदराव १९१६ साली गेले. त्यांच्या मनातला कॅमेरा बाबूरावांनी दादा मिस्त्रींना हाताशी धरून कोल्हापुरातच घडवला आणि त्याच जिद्दीवर महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. तिथे दामले सगळंच शिकले. १९२८ साली त्यांनी सहकारी फत्तेलालांबरोबर ‘महारथी कर्ण’ दिग्दर्शित केला आणि १ जून १९२९ ला सुरू झालेल्या ‘प्रभात’ फिल्म कंपनीच्या पाच भागीदारांत ते एक होते.

मग बोलपट आला. मूकपटात कॅमेऱ्याचं हँडल हाताने फिरवलं तरी निभावायचं. आवाजाला तसं चालत नाही. सेकंदाला चोवीस फ्रेम, एकही इकडेतिकडे नको, नाहीतर गळा चिरका होतो. १९३२ च्या ‘अयोध्येचा राजा’ला कॅमेऱ्यावर केशवराव धायबर आणि आवाजाला दामले. गोविंदराव टेंबे आणि दुर्गा खोटे कॅमेऱ्यासमोर स्वतः गायचे, वाजवणारे चौकटीबाहेर. शेवटच्या ओळीत कुणी खोकलं की पुन्हा पहिल्यापासून. त्यातून चित्रपट मराठीत आणि हिंदीत, म्हणजे सगळं दोनदा.

माझा सगळा जीव या एका गोष्टीत अडकलाय: दामल्यांना फ्रेमची कड ठाऊक होती. केळव्याच्या सुरूच्या बागेत आम्ही एकदा शूट केलं. माइकवर केसाळ जॅकेट चढवलं, तरी समुद्राचा वारा हेडफोनमध्ये घोंघावत होता. उपाय एकच, माइक नटाच्या तोंडाजवळ न्यायचा. पण बूम, म्हणजे माइकची लांब काठी, चार बोटं खाली आला की कॅमेरामन ओरडतो, वर ठेवला की शब्द वाऱ्यात विरतात. आम्हाला निदान डबिंगचा आधार आहे. दामल्यांना तो नव्हता. पण पडदे रंगवून, सेट लावून, कॅमेरा जवळून पाहून त्यांची नजर तयार झालेली. चित्र कुठे संपतं हे त्यांना विचारावं लागत नसणार. त्यांचा आवाज चांगला का, याचं कारण मी तरी तिथेच शोधतो, यंत्रात नाही.

‘संत तुकाराम’ १९३६ चा, पुढच्याच वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात गौरवलेला. छायाचित्रण व्ही. अवधूत यांचं. तोवर ‘प्रभात’ पुण्यात स्थिरावली होती, माणसं वाढली होती, कामं वाटली जाऊ लागली होती. दामले १९४५ साली गेले. ‘प्रभात’च्या त्याच पुण्याच्या आवारात १९६० साली फिल्म इन्स्टिट्यूट आली. कॅमेरा आणि साउंड तिथे वेगवेगळे शिकवतात. कॅमेऱ्याच्या पोरांनी महिनाभर बूम धरावा आणि साउंडच्यांनी महिनाभर व्ह्यूफाइंडरला डोळा लावावा, असं मला मनापासून वाटतं.