बोलीचा मान : कृष्णाकाठ आणि फिलिपाईन्सची बेटे

पेन्टेकॉस्टच्या दिवशी जेरुसलेमात जमलेल्या समुदायाची हकीगत 'प्रेषितांची कृत्ये' या ग्रंथाच्या दुसऱ्या अध्यायात आली आहे. नाना देशांतून आलेले ते लोक प्रेषितांचे बोलणे आपापल्या जन्मभाषेत ऐकत होते. सर्वांनी आधी एक भाषा शिकावी आणि मग शुभवर्तमान ऐकावे, अशी अट त्या दिवशी कोणी घातली नव्हती. ख्रिस्तसभेच्या जन्मदिवशीच मिळालेला हा धडा पुढील शतकांत कधी पाळला गेला, तर कधी विसरला गेला. पाळल्याचे व विसरल्याचे परिणाम काय झाले, हे पाहण्यासाठी प्रथम आपल्या सातारा-सांगलीकडे आणि मग आशियातील सर्वांत मोठ्या कॅथलिक समाजाकडे, म्हणजे फिलिपिनो लोकांकडे वळणे उपयुक्त ठरेल.

सातारा आणि सांगली हे आज दोन जिल्हे असले, तरी त्यांचा इतिहास एकमेकांत गुंतलेला आहे. 1949 साली जुन्या सातारा जिल्ह्याचे दक्षिणेकडील तालुके आणि सांगली, मिरज, जत इत्यादी संस्थानांचा प्रदेश एकत्र करून 'दक्षिण सातारा' हा जिल्हा निर्माण झाला व 1960 साली त्याचे नाव सांगली असे ठेवण्यात आले. नकाशावर हा सारा मुलूख मराठी म्हणून एका रंगात रंगवला जातो. प्रत्यक्षात कृष्णेच्या काठाने वाईहून कऱ्हाडमार्गे मिरजेपर्यंत उतरत गेले की भाषेचा हेल हळूहळू बदलत जातो. पूर्वेकडे माण, खटाव, आटपाडी या दुष्काळी पट्ट्यात माणदेशी बोली ऐकू येते. तेथे 'पाणी'चे 'पानी' होते, थोडेसे म्हणजे 'वाईच', पुष्कळ म्हणजे 'लई', पहाटे लवकर म्हणजे 'येरवाळी' आणि भाकरीबरोबरचे कालवण म्हणजे 'कोरड्यास'. जत तालुक्याच्या पूर्व भागात शिरले की घराघरांत कन्नड बोलली जाते व तेथे कन्नड माध्यमाच्या शाळाही आहेत. 2022 साली सीमाप्रश्न पुन्हा पेटला, तेव्हा जतच्या सीमेवरील गावांची नावे वृत्तपत्रांतून झळकली. परंतु तेथील माणसे कित्येक पिढ्या दोन्ही भाषांत व्यवहार करीत आली आहेत. मिरजेत मराठी आणि कन्नड यांच्या जोडीला मुसलमान कुटुंबांची दख्खनी आहे. आपण वडीलधाऱ्यांना ज्या 'अण्णा', 'अप्पा', 'अक्का' या हाका मारतो, त्याही कन्नडच्या शेजारातूनच आल्या आहेत.

याखेरीज गावकुसाबाहेरच्या भाषा निराळ्याच. टोपल्या विणणाऱ्या कैकाडी समाजाची भाषा तमिळच्या कुळातली, दगड फोडणाऱ्या वडार समाजाची तेलुगूच्या जवळची आणि पारध्यांची गुजरातीशी नाते सांगणारी. विसाव्या शतकाच्या आरंभी जॉर्ज ग्रिअर्सन यांनी आपल्या भाषिक सर्वेक्षणात या नात्यांची नोंद केली होती. तरीही व्यवहारात या सर्वांना आपण सरसकट 'बोली' म्हणतो आणि त्या शब्दात बहुधा थोडी तुच्छता मिसळलेली असते. ज्या भाषेचे मराठीशी रक्ताचे नातेच नाही, ती मराठीची अशुद्ध बोली कशी ठरेल? तिला बोली ठरवले गेले, याचे कारण भाषेच्या रचनेपेक्षा ती बोलणाऱ्यांच्या दारिद्र्यात शोधावे लागते.

बोलीला मान मिळाला, की तिच्यातून काय निर्माण होते, याचीही साक्ष याच मातीत आहे. 1843 साली विष्णुदास भावे यांनी सांगलीत 'सीतास्वयंवर' हे नाटक रंगभूमीवर आणले. त्यामागची प्रेरणा उत्तर कानड्यातून आलेल्या भागवत मंडळींच्या कन्नड खेळांची होती. तसे काही मराठीत करावे, अशी इच्छा सांगलीचे अधिपती चिंतामणराव पटवर्धन यांनी व्यक्त केली आणि मराठी रंगभूमीची वाटचाल सुरू झाली. शेजारची भाषा परकी न मानल्याचे हे फळ होय. पुढे 1943 नंतरच्या प्रतिसरकारच्या काळात क्रांतिसिंह नाना पाटील यांनी शेतकऱ्यांच्या बोलीत सभा गाजवल्या. वाटेगावच्या अण्णाभाऊ साठे यांची 'फकिरा' ही कादंबरी 1959 साली प्रसिद्ध झाली. आटपाडी परिसरातील माडगूळकरांच्या एकाच घरातून ग. दि. माडगूळकर यांनी 'गीतरामायणा'ची घरंदाज मराठी दिली, तर धाकटे बंधू व्यंकटेश यांनी 'माणदेशी माणसे' आणि 1955 सालच्या 'बनगरवाडी'मधून माणदेशाचे बोलणे साहित्यात आणले. फलटण तालुक्यातील लक्ष्मण माने यांच्या 'उपरा' या 1980 सालच्या आत्मकथनाने तर कैकाडी समाजाचे जगणे आणि त्याची भाषा सुशिक्षितांच्या घरात नेली. पुढच्याच वर्षी त्या पुस्तकाला साहित्य अकादमीचा पुरस्कार लाभला.

आता फिलिपाईन्सकडे वळू. सात हजारांहून अधिक बेटांच्या या देशात दीडशेहून जास्त भाषा बोलल्या जातात. लुझोन बेटाच्या मध्यभागी तागालोग, उत्तरेस इलोकानो आणि पांगासिनान, आग्नेयेस बिकोल. मधल्या विसाया बेटांवर सेबुआनो, हिलिगायनोन, वाराय. या भाषा एकाच कुळातल्या असल्या, तरी सेबू बेटावरच्या माणसाला तागालोग शिकल्यावाचून समजत नाही. असे असूनही तेथे आजही तागालोग वगळता इतर भाषांना अनेक जण 'डायलेक्ट', म्हणजे बोली, असेच संबोधतात. आपल्याकडच्या आणि त्यांच्याकडच्या सवयीत काहीच फरक नाही.

स्पेनचे धर्मप्रसारक सोळाव्या शतकात तेथे पोहोचले, तेव्हा त्यांच्यापुढे प्रश्न उभा राहिला : लोकांना स्पॅनिश शिकवावी, की आपण त्यांच्या भाषा शिकाव्यात? मनिलाचे पहिले बिशप दोमिंगो दे सालाझार यांनी 1582 साली धर्मसभा बोलावली. तिने लोकांच्या भाषेतून धर्मशिक्षण देण्याचा मार्ग स्वीकारला आणि फ्रान्सिस्कन धर्मगुरू हुआन दे प्लासेन्सिया यांनी तयार केलेल्या तागालोग प्रश्नोत्तरीला मान्यता दिली. 1593 साली मनिलात 'दोक्त्रिना ख्रिस्तियाना' हे पुस्तक लाकडी ठशांनी छापले गेले. त्यात स्पॅनिश मजकूर होता, रोमन लिपीतला तागालोग मजकूर होता आणि स्थानिक 'बायबायिन' लिपीतही तोच मजकूर होता. 1594 साली राजा दुसरा फिलिप याच्या आज्ञेने निरनिराळ्या संन्यासी संघांना निरनिराळे प्रदेश वाटून देण्यात आले. त्यामुळे प्रत्येक संघाला आपापल्या प्रदेशातील मोजक्या भाषांवर लक्ष देणे शक्य झाले. धर्मगुरूंनी त्या भाषांची व्याकरणे रचली, शब्दकोश तयार केले. 1704 साली गास्पार आकिनो दे बेलेन यांनी प्रभूच्या दुःखसहनावर तागालोग काव्य प्रसिद्ध केले. आजही उपवासकाळात, विशेषतः पवित्र सप्ताहात, फिलिपिनो कुटुंबे आणि शेजारीपाजारी एकत्र बसून 'पासियोन' गातात, आणि तेही आपापल्या प्रादेशिक भाषेत.

या धोरणात निखळ प्रेमच होते, असे समजण्याचे कारण नाही. लोकांना स्पॅनिश न येणे हे काही धर्मगुरूंच्या सत्तेला सोयीचे होते, असा आरोप तेथील सुधारकांनी पुढे केलाच. तरीही तीन शतकांच्या स्पॅनिश राज्यानंतर फिलिपिनो माणसाची जन्मभाषा शाबूत राहिली आणि त्याची श्रद्धा तिच्यात मुरली, ही गोष्ट नाकारता येत नाही.

आपल्या शेजारच्या गोव्यातही आरंभ असाच उज्ज्वल होता. 1579 साली आलेले इंग्रज येशूसंघीय फादर थॉमस स्टीफन्स यांनी मराठीत ओवीबद्ध 'ख्रिस्तपुराण' रचले. ते 1616 साली राशोल येथे छापले गेले. त्यांची कोकणी प्रश्नोत्तरी 1622 साली व कोकणीचे व्याकरण 1640 साली, म्हणजे दोन्ही त्यांच्या निधनानंतर, प्रसिद्ध झाली. मनिला आणि राशोल तोवर एकाच वाटेने चालले होते. पुढे वाटा फुटल्या. 1684 साली पोर्तुगीज व्हाइसरॉयने फर्मान काढले, की लोकांनी तीन वर्षांच्या आत आपली भाषा सोडून पोर्तुगीज बोलावी. ते फर्मान पूर्णपणे कधीच अमलात आले नाही, कारण आईची जीभ हुकूमाने बदलत नाही. परंतु कोकणी अंगणात आणि स्वयंपाकघरात ढकलली गेली. शिकलेला माणूस तिची लाज बाळगू लागला. तिला गोव्याच्या राजभाषेचा दर्जा मिळण्यास 1987 साल उजाडावे लागले. फर्मानापासून तीनशे तीन वर्षे!

फिलिपिनो लोकांचा प्रश्नही सुटलेला नाही. 1937 साली राष्ट्राध्यक्ष केसोन यांनी तागालोगच्या पायावर राष्ट्रभाषा उभारण्याचे जाहीर केले. 1987 च्या राज्यघटनेने 'फिलिपिनो' ही राष्ट्रभाषा ठरवून प्रादेशिक भाषांना त्या त्या प्रदेशात साहाय्यक राजभाषांचे स्थान दिले. सेबुआनो भाषकांना हे दुय्यम स्थान सलत आले आहे. 2013 च्या कायद्याने लहान मुलांचे आरंभीचे शिक्षण मातृभाषेतून देण्याची तरतूद झाली. 2024 च्या कायद्याने ती सक्ती उठवण्यात आली. धर्मोपदेशकांनी चार शतकांपूर्वी ज्या भाषांना छापखाना दिला, त्या भाषा आज शाळेच्या दाराशी उभ्या आहेत.

या इतिहासातून आपण काय घ्यावे? दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने 1963 साली उपासनाविधीचे दार लोकभाषांना उघडून दिले आणि लॅटिनच्या जागी मराठी मिस्सा आली. त्याआधीही, 1903 साली फादर हेन्री डोरिंग यांनी 'निरोप्या' सुरू करून मराठी ख्रिस्ती वाचकाला त्याच्या भाषेत वाचनाची गोडी लावली होती. हे ऋण मोठे आहे. परंतु आपली उपासनेची मराठी ही ग्रंथांची मराठी आहे. वसईचा सामवेदी किंवा वाडवळी बोलणारा, माणदेशातला शेतकरी, जतचा कन्नड भाषक, नोकरीनिमित्त मिरजेत स्थिरावलेला गोमंतकीय किंवा तमिळ कॅथलिक, हे सारे तिच्यात प्रार्थना करतात खरे. पण घरी जाऊन निराळ्याच भाषेत रडतात आणि हसतात. एक सामायिक भाषा समाजाला हवीच. तिच्यावाचून धर्मग्राम एकत्र बसू शकणार नाही. प्रश्न एवढाच, की त्या सामायिक भाषेसाठी घरची भाषा गिळून टाकावी काय?

आजी ज्या शब्दांत जपमाळेपूर्वी नातवंडांना हाक मारते, लग्नघरात ज्या ओव्या गाते, मरणशय्येवरच्या माणसाच्या कानाशी ज्या भाषेत येशूचे नाव घेते, ती भाषा तिच्याबरोबर दफन झाली, तर श्रद्धेचा एक पदर आपण कायमचा गमावू. 2013 साली गणेश देवी यांच्या पुढाकाराने झालेल्या लोकसर्वेक्षणाचा महाराष्ट्राच्या भाषांवरील खंड प्रसिद्ध झाला. तशी नोंद करण्यासाठी प्रत्येक धर्मग्रामाला विद्वानांची वाट पाहण्याचे कारण नाही. एक वही, ऐकण्याची तयारी असलेला एखादा तरुण आणि सांगण्यास उत्सुक असलेल्या चार म्हाताऱ्या बायका एवढे भांडवल पुरेसे आहे. धर्मशिक्षणाच्या वर्गात एखादी प्रार्थना मुलांना घरच्या बोलीत म्हणू द्यावी. तिच्यावर कोणी हसणार नाही, याची काळजी शिक्षकाने घ्यावी. प्लासेन्सिया आणि स्टीफन्स यांनी परक्या देशातील परक्या भाषा शिकण्यासाठी आयुष्य वेचले. आपल्याला तर केवळ आपल्याच आजीचे बोलणे ऐकायचे आहे.