सुदर्शन चक्र : जयद्रथवधातील कालास्त्र

सुदर्शन चक्र हे विष्णूचे आणि कृष्णावतारात श्रीकृष्णाचे आयुध. शिशुपालाचे मस्तक उडवणारे चक्र ही त्याची सर्वपरिचित ओळख. कीर्तन-पुराणांतून मराठी घरांत पोचलेल्या जयद्रथवधाच्या कथेत मात्र ते कोणाच्याही अंगाला लागत नाही. ते सूर्याच्या आड उभे राहते, दिवस मावळला असे सगळ्यांना वाटते आणि त्या समजुतीपायी सिंधुदेशाचा राजा प्राणाला मुकतो. काळावर सत्ता चालवणाऱ्या कल्पित शस्त्रांत त्याचे स्थान वेगळे आहे. २००३ साली आलेल्या ‘प्रिन्स ऑफ पर्शिया : द सँड्स ऑफ टाइम’ या व्हिडिओ गेममधला खंजीर पाहा. कथेनुसार तो हिंदुस्थानातल्या एका महाराजाच्या राजवाड्यातून लुटलेला आहे. त्यात भरलेल्या वाळूच्या जोरावर राजपुत्र काही क्षण मागे जातो, चुकलेली उडी पुन्हा मारतो. वाळू संपली की हातात उरतो तो साधा खंजीर. तिथे काळ खरोखर उलटा फिरतो. सुदर्शन काळाला हातही लावत नाही. ज्या खुणेवरून काळ मोजायचा असे दोन्ही पक्षांनी धरलेले असते, ती खूण तेवढी ते झाकते. माझ्या मते काळाचे शस्त्र म्हणून हीच कल्पना अधिक खोल आहे, कारण माणसाच्या आयुष्यावर चालणारी काळाची सत्ता बहुतेक वेळा अशा मान्य खुणांमधूनच चालते.

प्रसंग भारतीय युद्धाच्या चौदाव्या दिवसाचा. आदल्या दिवशी अर्जुनाचा मुलगा अभिमन्यू चक्रव्यूहात शिरला तेव्हा शंकराच्या वरामुळे जयद्रथाने इतर पांडवांना व्यूहाच्या तोंडाशीच रोखून धरले आणि पोरगा आत एकटा पडून मारला गेला. उद्या सूर्यास्ताच्या आत जयद्रथाला मारीन, नाहीतर अग्निप्रवेश करीन, अशी प्रतिज्ञा अर्जुनाने केली. द्रोणांनी जयद्रथाला सैन्याच्या पार पिछाडीला, व्यूहाच्या आत व्यूह रचून ठेवले. दिवस कलला आणि अचानक अंधारले. कौरवांनी जल्लोष केला, इतका वेळ दडलेला जयद्रथ सूर्य दिसतो का ते पाहायला मान वर करून उभा राहिला, आणि आडोसा दूर झाला. ‘हा सूर्य आणि हा जयद्रथ’ असे आपण पुरावा समोर ठेवताना आजही म्हणतो, त्यात जयद्रथाच्या आधी सूर्य येतो. आधी दिवस शिल्लक असल्याचे सिद्ध व्हायला हवे, मग बाण.

या नोंदीवर पहिला आक्षेप संहितेचा. पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने १९१९ ते १९६६ या काळात सिद्ध केलेल्या महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीत हा अंधार मूळ संहितेत घेतलेला नाही. मूळच्या कोपरगावच्या आणि काशीत राहिलेल्या नीलकंठ चतुर्धरांनी सतराव्या शतकात ज्या पाठावर टीका लिहिली, त्या प्रचलित पाठात अंधार आहे. पण तो कृष्णाने योगबळाने निर्माण केला आहे. तिथेही चक्राचे नाव नाही. आक्षेप खरा आहे, पण त्यामुळे ही कल्पना हलकी ठरत नाही, उलट तिच्या वाढीचा माग लागतो. योगबळ डोळ्यांपुढे उभे राहत नाही. वाटोळ्या सूर्याआड वाटोळे चक्र मात्र श्रोत्याला लगेच दिसते. लोककथेने अमूर्त सामर्थ्याला आकार दिला, आणि तोही अगदी नेमका.

दुसरा आक्षेप असा, की तो अंधार खग्रास ग्रहणाचा होता. तो टिकत नाही. सूर्यग्रहण अमावास्येलाच होते आणि त्या दिवशी चंद्र सूर्याच्या सोबतच उगवतो-मावळतो. द्रोणपर्वात तर याच चौदाव्या दिवसाच्या उत्तररात्री, थकलेली सैन्ये रणांगणावरच झोपली असताना, चंद्र उगवल्याचे वर्णन आहे. पर्वाचा हा भाग ग्राह्य धरला तर ग्रहण सोडावे लागते.

तिसरा आक्षेप सर्वांत वजनदार : झाकणे म्हणजे काळ बदलणे नव्हे, मग याला कालास्त्र का म्हणावे? याचे उत्तर अल नहदात रोज संध्याकाळी मिळते. दुबई आणि शारजा या दोन अमिरातींच्या सीमेवर, दोन्हीकडे एकाच नावाने वसलेला हा भाग. इथल्या मराठी घरातले घड्याळ गावाकडच्या घड्याळापेक्षा दीड तास मागे चालते. दिनदर्शिकेत मुंबईचा चंद्रोदय छापलेला असला, तरी संकष्टीचा उपास इथल्या चंद्रोदयाला सोडायचा, तिथल्या नव्हे. शेजारच्या घरातला रोजा सुटतो तो मगरिबला, म्हणजे सूर्यास्ताला. आणि सूर्यास्त तरी एकच कुठे असतो? ८२८ मीटर उंच बुर्ज खलिफाच्या वरच्या मजल्यांवर सूर्य जास्त वेळ दिसतो, म्हणून ८० व्या मजल्याच्या वर राहणाऱ्यांनी रोजा दोन मिनिटे आणि १५० व्या मजल्याच्या वरच्यांनी तीन मिनिटे उशिरा सोडावा, असे मार्गदर्शन दुबईतील धर्माधिकाऱ्यांनी २०११ मध्ये केले. खाली जमिनीवर पाण्याचा घोट घेतलेला असतो, तेव्हा त्याच इमारतीत वर दिवस संपलेला नसतो. इथे आकाशात काहीही बदललेले नाही, बदलते ते पाहणाऱ्याचे ठिकाण. आणि कर्तव्य केव्हा संपले हे त्यावरच ठरते. प्रतिज्ञा, व्रत, मुदत यांपुरता काळ म्हणजे सूर्य दिसणे किंवा न दिसणे. ते दिसणे ज्याच्या हाती, त्याच्या हाती त्या माणसांचा काळ आहे.

उरतो तो कपटाचा आरोप. कपट झालेच, ते नाकारण्यात अर्थ नाही. पण त्या दिवशी काळाला शस्त्र म्हणून आधी कोणी वापरले? कौरवांचा सगळा डाव अर्जुनाला हरवण्याचा नव्हता, दिवस काढण्याचा होता. जयद्रथाने फक्त सूर्य मावळेपर्यंत जिवंत राहायचे होते. मग अर्जुन स्वतःच अग्नीत शिरणार होता. सूर्यास्तावर पैज त्यांनी लावली आणि सूर्यास्तानेच त्यांना फसवले. अर्जुनाची प्रतिज्ञा मात्र अक्षरशः खरी झाली, कारण बाण सुटला तेव्हा सूर्य आकाशात होता. या अस्त्राची मर्यादाही इथेच कळते. जिथे दोन्ही बाजू सूर्याला मानतात तिथेच ते चालते. सूर्यास्ताला युद्ध थांबवण्याचा संकेत त्याच रात्री मोडला, मशाली पेटवून युद्ध पुढे चालू राहिले. तिथे झाकायला सूर्यच नव्हता. अर्जुनासाठी राखून ठेवलेली कर्णाची वासवी शक्ती खर्ची पाडायची, तर कृष्णाला भीमपुत्र घटोत्कचालाच पुढे करावे लागले.