म्हाताऱ्या पक्ष्याला स्वस्थ बसू द्यावे काय?

नाशिककरांच्या घरांत पाळीव पक्षी पुष्कळ आहेत. कॉलेज रोडवरच्या फ्लॅटमध्ये कॉकटिएल असतो, पंचवटीतल्या जुन्या घराच्या गॅलरीत बजरीगरांची जोडी असते, एखाद्या हौशी घरात आफ्रिकन ग्रेही असतो. यांपैकी कोणताही पक्षी दांडीवरून घसरू लागला, एक पाय उचलून धरू लागला किंवा वरच्या दांडीवर चढेनासा झाला, की शेजारी, दुकानदार आणि घरातली वडीलधारी मंडळी एकमुखाने सांगतात, “वय झालं त्याचं. आता त्रास देऊ नका, निवांत बसू द्या.” हा सल्ला मायेपोटी दिला जातो, याबद्दल मला शंका नाही. मायेपोटी दिलेला चुकीचा सल्ला कोणी तपासून पाहत नाही, म्हणूनच तो खोडून काढणे मला अगत्याचे वाटते.

पूर्वपक्ष आधी त्याच्या पूर्ण बळानिशी मांडतो. म्हाताऱ्या पक्ष्याचे हृदय कमजोर असते. खोलीभर उडवला तर तो चोच उघडी टाकून धापा टाकतो. हातात धरल्या धरल्या प्राण सोडलेले पक्षीही अनेकांनी पाहिले आहेत. पक्षी आपले दुखणे लपवतो, त्यामुळे ते आपल्याला दिसेपर्यंत बळावलेले असते. सांधे झिजलेले असतात, ते हलवले तर आणखी झिजतील. वरून पडला तर हाड मोडेल. आणि सर्वांत प्रभावी युक्तिवाद असा, की गुडघे दुखणाऱ्या आजोबांना आपण जिना चढायला लावत नाही, मग या मुक्या जिवाला का लावावा?

यातले बरेचसे खरे आहे, आणि जे खरे आहे ते मी आधीच मान्य करतो. पक्ष्याचा पाठलाग करून त्याला उडवणे हा व्यायाम नव्हे, छळ आहे. पक्ष्याला आपल्यासारखे श्वासपटल नसते. छातीचे हाड पुढे-मागे हलते तेव्हाच हवा त्याच्या हवापिशव्यांत आत-बाहेर होते. त्याची छाती मुठीत आवळली की नाकपुड्या मोकळ्या असूनही त्याचा श्वास अडतो. हातात मेलेल्या पक्ष्यांपैकी काही याच मुठीचे बळी असणार. पण यातून सिद्ध काय होते? सक्तीची हालचाल घातक आहे, एवढेच. सौम्य हालचाल घातक आहे, हे यातून सिद्ध होत नाही. पूर्वपक्षाने दाखला एका गोष्टीचा दिला आणि निष्कर्ष दुसऱ्याच गोष्टीचा काढला.

आता झिजेचा मुद्दा. सांध्यातल्या कूर्चेला स्वतःच्या रक्तवाहिन्या नसतात. तिचे पोषण सांध्यातल्या वंगणद्रवातून होते, आणि तो द्रव कूर्चेत मुरतो तो सांधा दबण्या-सुटण्याने. हालचाल थांबली की पोषण मंदावते. सांध्याभोवतीचे स्नायू वापराअभावी बारीक होतात, त्यांचा आधार जातो आणि सारा भार दुखऱ्या सांध्यावर पडतो. दुखते म्हणून पक्षी हलत नाही, आणि हलत नाही म्हणून ते आणखी दुखते. विश्रांतीने हे चक्र थांबत नाही, उलट वेग घेते. आजोबांचा दाखला तर पूर्वपक्षावरच उलटतो. गुडघ्याची शस्त्रक्रिया झालेल्या आजोबांना आजचे डॉक्टर त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी वॉकर देऊन चालवतात. खाटेवर पडून राहा, असे कोण सांगते?

आणि ज्याला आपण ‘निवांत बसणे’ म्हणतो ते खरोखर निवांत असते काय? बाजारातल्या पिंजऱ्यात प्लास्टिकच्या किंवा रंधलेल्या लाकडाच्या, एकाच जाडीच्या गुळगुळीत दांड्या असतात. त्यांवर बसलेल्या पक्ष्याची बोटे दिवसभर एकाच कोनात वाकलेली राहतात, तळव्याच्या त्याच दोन-तीन बिंदूंवर भार येतो. तिथली कातडी आधी गुळगुळीत आणि लाल होते, मग तिला घट्टा पडतो, मग जखम होते, आणि जंतू आत शिरले तर हाडापर्यंत पोहोचतात. लठ्ठपणा, नुसत्या बियांच्या आहारातली ‘अ’ जीवनसत्त्वाची कमतरता आणि तासन्तास एका जागी बसणे ही या दुखण्याची प्रमुख कारणे आहेत. म्हणजे ज्याला उपाय म्हणून सांगितले जाते, ते कारणांच्या यादीत आहे. दांडीला सँडपेपरचे वेष्टण लावणे तर जखमेला आमंत्रणच.

यावरचा इलाज आपल्या परिसरात वाढतो. पेरूची, कडुलिंबाची, जांभळाची साल असलेली फांदी धुऊन, उन्हात कडक वाळवून लावावी. ती एके ठिकाणी जाड, दुसरीकडे बारीक असते, त्यामुळे प्रत्येक पावलागणिक पकड बदलते. जगभरचे पक्षीपालक द्राक्षवेलीच्या जुन्या खोडाला पसंती देतात. ते पीळदार आणि खडबडीत असते, बोटांना हवी तशी पकड देते. द्राक्षांच्या नाशिकमध्ये ते सहज मिळेल, पण येथे सावध राहिले पाहिजे. आपल्या बागांत छाटणीनंतर डोळे फुटण्यासाठी हायड्रोजन सायनामाइड लावतात, हंगामभर बुरशीनाशकांच्या आणि बोर्डो मिश्रणाच्या फवारण्या होतात. पक्षी दांडीवर बसतो तसा तो ती कुरतडतोही. त्यामुळे फवारलेल्या बागेतले खोड कितीही देखणे असले तरी पिंजऱ्यात जाता कामा नये. परसातल्या, कधीच न फवारलेल्या वेलीचे असेल तरच घ्यावे. ज्याची पकडच गेली आहे अशा पक्ष्याला सपाट फळीही हवी, तिच्यावर सुती कापड गुंडाळावे आणि ते रोज बदलावे.

पूर्वपक्षाचा माझ्या मते सर्वांत घातक शब्द ‘वय’ हा आहे. वय हे निदान नव्हे. बजरीगरामध्ये मूत्रपिंडाच्या किंवा जननग्रंथीच्या गाठी वारंवार आढळतात. पायाकडे जाणारी मज्जातंतूंची जुडी पक्ष्याच्या मूत्रपिंडाला अगदी लगटून जाते. गाठ वाढून त्या जुडीवर दाब आला, की पहिले लक्षण दिसते ते एका पायाने लंगडण्याचे. तपासायचे पोट आणि आपण चोळत बसतो पाय! तोही चुकीच्या जागी. पक्ष्याच्या पायाला मागे वाकलेला जो सांधा दिसतो तो घोटा असतो. गुडघा वर, पिसांत, पोटालगत दडलेला असतो. त्यावर कोणी तिळाचे तेल चोळले, तर ते पिसांना लागते, पिसे एकमेकांना चिकटतात आणि ऊब धरून ठेवण्याची त्यांची शक्ती जाते. अंडे अडकलेली मादीही पाय आखडल्यासारखी दिसते. तिला ‘बसू द्या’ म्हणणे म्हणजे मरू देणे.

संधिवातासारखेच दिसणारे आणखी एक दुखणे आहे, युरिक आम्लाचे. पक्षी नायट्रोजनचा निचरा आपल्यासारखा युरियाच्या रूपात करत नाही, युरिक आम्लाच्या रूपात करतो. त्याच्या विष्ठेतला पांढरा भाग तोच. मूत्रपिंडे थकली किंवा अंगातले पाणी कमी पडले की या आम्लाचे स्फटिक बोटांच्या आणि घोट्याच्या सांध्यांत साचतात. तिथे पांढुरक्या, चकचकीत गाठी दिसतात आणि त्या विलक्षण दुखतात. अशा सुजलेल्या, तापलेल्या सांध्याला व्यायाम मुळीच देऊ नये, हे मी ठामपणे सांगतो. मोडलेल्या हाडालाही नाही. विश्रांतीला जागा आहे, पण ती निदानानंतर, निदानाऐवजी नव्हे.

निदान टाळणारी माणसे मग घरातली माणसांची वेदनाशामक गोळी कुटून पाण्यात घालतात किंवा मलम पायाला लावतात, जे पक्षी पुढच्या क्षणी चोचीने चाटतो. नाशिकच्या वाचकाला या चुकीचा दाखला शोधायला लांब जावे लागत नाही. त्र्यंबकेश्वरच्या वाटेवर अंजनेरीच्या कड्यांवर लांब चोचीची गिधाडे घरटी करतात. भारतातल्या गिधाडांपैकी एका जातीची संख्या दीड दशकात ९९ टक्क्यांहून अधिक घटली. गुरांना दिलेले डायक्लोफेनॅक हे वेदनाशामक मृत जनावराच्या मांसातून गिधाडाच्या पोटात जाते, मूत्रपिंडे निकामी करते आणि आतल्या अवयवांवर युरिक आम्लाचा पांढरा थर साचवते, हे २००४ मध्ये ‘नेचर’ नियतकालिकातल्या संशोधनाने दाखवून दिले. गुरांसाठीच्या डायक्लोफेनॅकवर भारतात २००६ मध्ये बंदी आली. २०२३ मध्ये केटोप्रोफेन आणि अॅसिक्लोफेनॅक यांच्यावरही आली. गिधाडांना सुरक्षित ठरलेले मेलॉक्सिकॅम पक्षीवैद्य पाळीव पक्ष्यांनाही देतात, पण वजनावरून मात्रा ठरवून. बजरीगराचे वजन ३०-४० ग्रॅम. साठ किलोच्या माणसासाठी केलेल्या गोळीचा सुमारे सतराशेवा हिस्सा त्याच्या वाट्याचा. तो कोणी, कोणत्या सुरीने तोडायचा? ज्या औषधाने गिधाडे संपवली, त्याचा प्रयोग आपल्या लाडक्या पक्ष्यावर करण्याचे धैर्य कोठून येते?

येथे एक खुलासा. हे सारे विदेशी वंशाच्या, पिंजऱ्यातच जन्मलेल्या पक्ष्यांबद्दल आहे. राघू किंवा करण पोपट यांसारखे देशी पोपट पाळायला १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने मनाई आहे. असा वृद्ध पक्षी घरात असेल तर त्याला नुसता उडवून देऊ नये, तो तगणार नाही. वनविभागाशी संपर्क साधावा.

पडण्याच्या भीतीने कित्येक जण म्हाताऱ्या पक्ष्याचे पंख छाटतात. याहून उलटा उपाय नाही. पंख हीच पडताना वेग रोखायची त्याची एकमेव सोय. ते छाटल्यावर तो दगडासारखा आपटतो आणि छातीचे हाड फुटते. पडण्यावर उपाय हवा तर दांड्या खाली आणाव्यात, दोन दांड्यांमध्ये शिडी किंवा उतरती फळी लावावी, तळाशी जाड टॉवेल अंथरावा. शिडी लावली की पडणे टळते आणि चढण्या-उतरण्याचा व्यायामही घडतो.

मग व्यायाम कोणता? खाण्याची वाटी एकाच जागी न ठेवता राळे, किसलेले गाजर, लाल भोपळा, शेवग्याचा पाला थोडा थोडा चार ठिकाणी ठेवावा. पक्षी आपणहून चार वेळा चालेल, तोही हवा तेव्हा, हवा तितका. ज्याची पकड शाबूत आहे त्याला बोटावर घेऊन हात अगदी सावकाश खाली न्यावा. तोल सावरायला तो पंख पसरतो. पंख पसरले की छातीचे आणि खांद्याचे स्नायू कामाला लागतात, उडण्याचा धोका न पत्करता. एका हाताच्या बोटावरून दुसऱ्या हाताच्या बोटावर चढवावे. दोन-तीन मिनिटे पुरेत, दिवसातून दोन-तीनदा. पंखा बंद, खिडकी बंद. चोच उघडी पडली किंवा श्वासागणिक शेपटी वर-खाली होऊ लागली, की त्या क्षणी थांबायचे. स्वयंपाकघरातल्या ग्रॅमच्या काट्यावर दर आठवड्याला त्याचे वजन करून ते लिहून ठेवावे. दहा टक्के घट ही धोक्याची सूचना आहे. डोळ्यांना ती पिसांखाली दिसत नाही.

वेळही महत्त्वाची. निफाडच्या कुंदेवाडी गहू संशोधन केंद्रातला पारा हिवाळ्यात ५ अंशांच्या आसपास उतरतो, शहरातही पहाटे हुडहुडी भरते. पक्ष्याच्या शरीराचे तापमान ४० ते ४२ अंश. इवल्याशा देहातून ते झपाट्याने निसटते आणि गारठलेला सांधा जोर दिला तर दुखावतो. म्हणून थंडीत व्यायाम ऊन वर आल्यावरच. ते ऊनही काचेतून आलेले उपयोगाचे नाही, ‘ड’ जीवनसत्त्व तयार करणारे किरण काच अडवते. उघड्या गॅलरीत, अर्धी सावली ठेवून, माणूस जवळ बसून पिंजरा ठेवावा. उबेसाठी बंद खोलीत कोळशाची शेगडी मात्र कधीही नको. तिचा धूर माणसाआधी पक्ष्याला मारतो.

पूर्वपक्षाचा अखेरचा आधार सहसा हलक्या आवाजात सांगितला जातो: आता उरलेत किती दिवस, एवढा खटाटोप कशाला? तर हिशेब करू. चांगल्या निगराणीत बजरीगर पाच ते दहा वर्षे जगतो, कॉकटिएल पंधरा ते वीस, आफ्रिकन ग्रे चाळीस ते साठ. दहाव्या वर्षी पाय आखडलेल्या कॉकटिएलपुढे आणखी तितकीच वर्षे असू शकतात. पस्तिशीतल्या ग्रेचे आयुष्य तर त्याच्या मालकाहून लांबू शकते. एवढा काळ एका गुळगुळीत दांडीवर, एकाच कोनात बोटे वाकवून त्याने काढावा, असे ठरवण्याचा अधिकार आपल्याला कोणी दिला?